शिडी, निळं, नाही

त्या रस्त्यावरच्या एकूण एक दुकानाच्या कपाळावर पेंटरचा हात फिरलेला होता. वाणी, सायकलवाला, दातांचे डॉक्टर, चष्मेवाला, सगळ्यांची नावं चाळीस वर्षांत त्यांनीच रंगवली. त्यांचं स्वतःचं नाव मात्र रस्त्याला ठाऊक नव्हतं. ते पेंटर, त्यांची बायको पेंटरीणबाई. चार वर्षांपूर्वी लग्न होऊन घरात आलेली सून कारखान्यांसाठी खोक्यांवरची चित्रं तयार करायची, चांगली शिकलेली होती. पण पहिल्याच आठवड्यात ती पेंटरची सून झाली ती झालीच. आधी चिडली, मग तिला सवय झाली.

पेंटर म्हणजे भलताच तोंडाळ माणूस. गिऱ्हाइकाशी दोन हात केल्याशिवाय त्यांचा रंग वाळत नसे. औषधवाल्याची गोष्ट तर त्यांनी सुनेला इतक्यांदा सांगितली होती की तिला ती पाठ झाली होती. या औषधवाल्याला पाटीवर सगळंच मोठं हवं होतं. दुकानाचं नाव मोठं, स्वतःचं नाव मोठं, फोन नंबर मोठा, 'रविवारी उघडे' तेही मोठं, आणि सगळं लालभडक. पेंटरनी वाद घातला नाही. पुठ्ठ्यावर हुबेहूब तसंच लिहून तो दुकानाला टेकवला, औषधवाल्याला रस्त्यापलीकडे नेऊन उभं केलं आणि इकडून ओरडून विचारलं, "काय वाचलंस?" औषधवाला डोळे बारीक करकरून बघत राहिला. शेवटी म्हणाला, "लाल आहे एवढं कळतंय."

"अरे बाबा, सगळेच ओरडले तर ऐकायचं कुणाचं?" पेंटर म्हणाले. "एकाला मोठं करायचं तर बाकीच्यांना खाली बसवावं लागतं."

असल्या माणसाचा एक हट्ट होता. शिडी धरायची ती पेंटरीणबाईंनीच. शेजारी स्वतःचा धडधाकट मुलगा उभा असला तरी त्याला बाजूला करत. "तू मोबाइल बघत बसशील. हिने धरली की मला खाली बघावं लागत नाही." मग बाई हातातलं काम टाकून, पदर खोचून खाली उभ्या राहत. वरून रंगाचे थेंब पडत, बहुतेक निळेच, कारण पेंटरना निळ्याचा भारी सोस. ते थेंब बाईंच्या बोटांवर, मनगटावर सुकत. संध्याकाळी भांडी घासताना बाई ते नखाने खरवडत आणि नवऱ्याला चार शब्द सुनावत. असं चाळीस वर्षं चाललं होतं.

आठ महिन्यांपूर्वी एका सकाळी मात्र दोघांचं बिनसलं. घराशेजारच्या सायकलवाल्याच्या पाटीचा एका कोपऱ्यातला रंग उडाला होता, काम एवढंच. बाई म्हणाल्या, या वयात वर चढायचं नाही. पेंटर म्हणाले, पाटी काही खाली यायची नाही, मलाच वर जायला हवं. शब्दाने शब्द वाढला. "मग चढा एकटेच! मी नाही धरत जा," म्हणून बाई तरातरा घरात निघून गेल्या. पाच मिनिटांत बाहेर धप्प आवाज झाला.

डॉक्टरांनी नंतर नीट समजावून सांगितलं. मेंदूतली रक्तवाहिनी आधी बंद झाली, ते पडले नंतर. शिडी कुणी धरली असती तरी झटका टळला नसता. उजवा हात निकामी झाला आणि वाचा गेली. कळतं सगळं, डॉक्टर म्हणाले, पण शब्दांची बाहेर यायची वाट बुजली आहे. त्या बुजलेल्या वाटेतून तीनच शब्द कसेबसे निसटले होते. शिडी. निळं. नाही.

हे तीन शब्द पेंटर दिवसभर म्हणत, तेही ओरडून. "शिडी! निळं! नाही, नाही!" मुलाला वाटलं, बाबांना पुन्हा वर चढायचंय. त्याने शिडीच उचलली आणि सायकलवाल्याच्या दुकानामागे नेऊन ठेवली. पेंटर आणखी ओरडले. मग घरात निळ्याचा सुकाळ झाला. निळा सदरा आला, निळी चादर आली, खिडकीला निळा पडदा लागला. खोलीची शाईची दौत झाली, आणि पेंटरनी चांगल्या हाताने कपाळ बडवून घेतलं. "नाही!"

पेंटरीणबाई या सगळ्यात तोंडात मूग गिळून असत. गोळी द्यायला जवळ गेल्या की नवरा डाव्या हाताने त्यांचा हात पकडू बघे आणि ओरडे, "शिडी! नाही!" बाई हात सोडवून स्वयंपाकघरात निघून जात. नवऱ्याचं सगळं त्या वेळच्या वेळी करत, पण जवळ बसत नसत. हे सुनेला खटकलं. एका दुपारी तिने विचारलंच.

"आई, दोन मिनिटं टेकत का नाही तुम्ही बाबांजवळ?"

"कशाला टेकू? रोज तेच ऐकायला?" बाई ओट्याकडे तोंड करून उभ्या होत्या. "शिडी धरली नाहीस, हेच म्हणतायत ते मला. आठ महिने. आणि खोटं काय आहे त्यात?"

"डॉक्टर तर म्हणाले..."

"डॉक्टर नव्हता गं तिथे. मीपण नव्हते."

मनी वसे ते स्वप्नी दिसे म्हणतात. बाईंना ते दिवसाढवळ्या ऐकू येत होतं. मुलाला यातलं अक्षर सांगायचं नाही, असं त्यांनी सुनेकडून वदवून घेतलं. सुनेच्या मनातून मात्र ते जाईना. चाळीस वर्षांचा संसार आणि कानात शेवटी एवढंच घेऊन जगायचं? आणि बाबा खरंच तसं म्हणत असतील तर? हे आता एकच माणूस सांगू शकत होतं, आणि त्याच्याकडे शब्द होते तीन.

बोलायला शिकवणाऱ्या बाईंनी चित्रांची कार्डं देऊन ठेवली होती. पेला, खिडकी, पलंग, गोळी. पेंटर हवं त्यावर बोट ठेवत. पण त्यांना जे सांगायचं होतं त्याचं कार्ड त्या गठ्ठ्यात नव्हतं. एका रविवारी सकाळी सुनेच्या डोक्यात प्रकाश पडला. ते कार्ड आपणच का करू नये? पोटासाठी आपण दुसरं करतो तरी काय? कंपनीने तिला एक नवं साधन दिलं होतं. त्यात शब्द लिहायचे, की यंत्र त्या शब्दांचं चित्र करून देतं. रसाच्या खोक्यांवरची संत्री ती अशीच काढायची. तिने लॅपटॉप उचलला, पलंगाशी स्टूल ओढलं आणि लिहिलं, 'शिडी, निळं.'

पडद्यावर आधी नुसता धुरळा दिसला. त्यातून हळूहळू रेषा जमल्या, आणि ढगांतून थेट चंद्रापर्यंत गेलेली एक निळी शिडी उभी राहिली. पेंटर बघत राहिले. ना ब्रश, ना डबा, ना रेघ आखायची खडूची दोरी. मग ते हसले. आठ महिन्यांत पहिल्यांदा हसले, अगदी औषधवाल्यावर हसायचे तसे. आणि म्हणाले, "नाही."

पण डोळे काही पडद्यावरून हलेनात.

"बाबा, यात एक गंमत आहे," सून म्हणाली. "एखाद्या शब्दावर जोर द्यायचा ना, तर त्याला कंसात टाकायचं आणि शेजारी आकडा लिहायचा. एक म्हणजे साधं. एकाच्या वर गेलं की तो शब्द चित्रात पुढे येतो, खाली आलं की मागे सरतो." तिने शिडीला १.४ दिलं. शिडीने सगळा पडदा व्यापला. निळ्याला ०.५ दिलं. निळा विटून गेला, चंद्र दिसेनासा झाला.

पेंटरनी डाव्या हाताने तिचा हात धरला. हलकेच दाबला. मग करकचून दाबला. मग बोट पडद्यावरच्या आकड्यावर टेकवलं आणि तिच्याकडे पाहिलं, कळलं का गं, असं.

सून थक्क झाली. हे कंस आणि आकडे तिच्या डोक्यात शिरायला तीन आठवडे लागले होते. या माणसाला दोन मिनिटं लागली. लागणारच. जन्मभर त्यांनी दुसरं केलं काय होतं? कुठला शब्द मोठा आणि कुठला बारीक, एवढं ठरवण्यातच चाळीस वर्षं गेली होती. आठ महिने ते ओरडत होते ते वेडाने नव्हे, जोर कुठे द्यायचा ते सांगत होते. घरात सगळे नुसता आवाज ऐकत बसले होते, तीसुद्धा.

मग काम सुरू झालं. ती एकेक शब्द म्हणायची, हात त्यांच्या हातात ठेवून. "शिडी?" जरासा दाब. "निळं?" चांगला दाब. "पाटी?" काही नाही. "दुकान?" काही नाही. "पेंटर?" त्यांनी हातच काढून घेतला. स्वतःला चित्रातून खाली उतरवलं म्हणजे. सून गोंधळली. "मग कोण बाबा? कुणी माणूस? बाई?" दाब आला, आणि पेंटरचे डोळे भरून आले.

"चेहरा?" नाही. "साडी?" नाही. "पाय?" मान जोरात हलली, नाही. तिला पुढे शब्द सुचेना. तिने सहज आपल्या आणि त्यांच्या गुंतलेल्या बोटांकडे पाहिलं.

"हात?"

त्यांनी असा दाबला की ती कळवळली.

तिने उत्साहाच्या भरात हाताला १.८ दिलं, निळ्याला १.६, बाईला १.५, शिडीला १.५. यंत्राची भंबेरी उडाली. एकेका हाताला आठ आठ बोटं आली, शिडीच्या पायऱ्यांतूनही हात उगवले, आणि सगळ्यावर निळा भडका. पेंटर तोंड वासून ते पाहत राहिले. मग भुवई वर करून सुनेकडे पाहिलं, आणि ती कपाळाला हात लावून हसत सुटली. "सगळेच ओरडले, हो ना बाबा?" झाला होता तिचाच औषधवाला. चार वर्षं ऐकलेली गोष्ट पालथ्या घड्यावर पाणी ठरली होती.

आता ती एकेकाला खाली बसवत गेली. पाटी ०.४. दुकान काढूनच टाकलं. पेंटर ०.३. शिडी साधी. बाईचा चेहरा नको, साडी नको. हात १.३, त्याहून जास्त नाही. निळ्याला शिडीवरून काढलं आणि लिहिलं, बोटांवर रंगाचे थेंब, १.२. प्रत्येक आकडा ती त्यांना विचारून ठेवत होती. एका चित्रात हात फार कोवळे आले, पेंटर म्हणाले नाही. दुसऱ्यात थेंब फार आले, तरी नाही. तिने 'कामाचे, वापरलेले' असे शब्द घातले.

धुरळा उठला, विरला. खाली दोन हात. शिडीचे दोन्ही पाय घट्ट धरलेले, पेरं पांढरी पडलेली, नखं झिजलेली, मनगटावर दोन-तीन निळे थेंब. वर, पार पुसट, वर चढणाऱ्या कुणाच्या तरी चपलेचा तळवा. बाकी काही नाही.

पेंटर नाही म्हणाले नाहीत.

चाळीस वर्षं वर उभं राहून हा माणूस खालचं हेच जपत होता, आणि हे त्याच्याशिवाय कुणालाच माहीत नव्हतं. सुनेला एकदम वाटलं, आपण कुणाच्या तरी मनाच्या आत उभ्या आहोत आणि इथे चपला घालून यायला नको होतं.

पेंटरनी स्वयंपाकघराच्या दिशेने आवाज काढला. शब्द नव्हता, नुसतीच हाक होती. पेंटरीणबाई ओले हात पुसत आल्या.

"काय हवंय यांना?" त्यांनी पडदा पाहिला आणि जागच्या जागी थांबल्या. मग आपल्या हातांकडे पाहिलं. तोंडावरचा रंग उतरला.

"माझे हात आहेत," त्या म्हणाल्या. "सोडली ना मी शिडी. आता चित्र काढूनच दाखवलंत."

"आई, तसं नाहीये..." सुनेने तोंड उघडलं, आणि मिटलं. हे आपण सांगायचं नाही. "तुम्ही विचारा त्यांना. एकदा विचारा."

बाई पलंगाच्या कडेला बसल्या. आठ महिन्यांत पहिल्यांदा. एवढ्या महिन्यांत पेंटरना सगळ्यांनी कितीतरी विचारलं असेल, पाणी हवंय का, उठायचंय का, दुखतंय का. हे मात्र कुणी विचारलं नव्हतं.

"अहो," त्या म्हणाल्या, "त्या दिवशी मी शिडी धरली नाही म्हणून रागावलात ना माझ्यावर?"

पेंटर ओरडले नाहीत. अगदी हळू, तीन शब्दांतला तो एक शब्द ते म्हणाले.

"नाही."

आणि त्यांनी डाव्या हाताने बायकोचा हात धरला आणि दाबला, आणखी दाबला, आणखी. बाईंच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"अहो, दुखतंय," त्या म्हणाल्या. पण हात काढून घेतला नाही.