किड्यांपुढचं गाणं

तोसे सहा वर्षांची असताना गोवराने तिचे डोळे गेले. जपानातल्या आमच्या एचिगो प्रांतात अशा मुलीला गाणाऱ्या आंधळ्या बायकांच्या संघात देत, तशी तिलाही दिली. तेवीस वर्षं ती तीन तारांचं शामिसेन पाठीवर बांधून गावोगाव हिंडली. मग एका होडीवाल्यावर तिचा जीव जडला.

संघात पुरुषाला जागा नाही. तिथे मान वर्षांवर ठरे; मे महिन्याच्या सभेत तिच्या तेवीस वर्षांतली सात कापली. म्हणजे स्वतः शिकवलेल्या किवा नावाच्या धाकट्या बाईच्या मागे चालायचं, पंगतीत तिच्या खाली बसायचं.

"वर्षं कापा. सात वर्षांत शिकलेली गाणी कशी कापणार?" असं म्हणून तोसे उठली आणि एकटीच निघाली. होडीवाला केव्हाच दुसरीकडे गेला होता. त्याच्यासाठी ती उठलीच नव्हती.

संघाने घरोघर निरोप धाडला: तोसेला गाऊ दिलंत, तर आमची टोळी तुमच्याकडे येणार नाही.

जूनमध्ये ती आमच्या गावी आली. मी शाळेवर नवा होतो, गावप्रमुख गेन्पेईकडे राहत होतो. संघाच्या बायका त्याच्याच घरी उतरत. इथे दार लागलं असतं, तर पुढची सगळी दारं लागणार होती.

"तोसेबाई, माझ्या बैठकीत गाता येणार नाही," गेन्पेई नजर चुकवत म्हणाला.

"तोंड फिरवून बोलू नकोस, आवाज भिंतीला लागतोय. बैठक हवीय कुणाला? तुझे किडे कसे आहेत?"

माळ्यावर रेशमाचे किडे होते आणि दोन दिवस ते तुतीच्या पानाला तोंड लावत नव्हते. या बायकांचं गाणं ऐकलं की किडे नीट खातात, असं आमच्याकडे सगळेच मानतात.

गेन्पेईची आई आतून म्हणाली, "निरोपात किड्यांचं नाव आहे का रे?"

"नाही, आई."

"मग माळ्याच्या जिन्यावरून तिला वर जाऊ दे."

तोसे माळ्यावर किड्यांच्या सुपांच्या मधोमध बसून गायली. पानांच्या टोपल्या घेऊन निम्म्या गावच्या बायका जिन्यावर दाटल्या. किडे खायला लागले की नाही, हे बघायचं कुणाला सुचलं नाही.

"मोठ्याने गा गं," खालून कुणीतरी म्हणालं, "किडे बहिरे आहेत."

पुढच्या वर्षी संघाने आमचं गाव टाळलं. तोसे येतेय कळताच गेन्पेईने एका गड्याला खिंडीत पाठवलं, तिला हात द्यायला. तिने तो हात बाजूला सारला.

"पुढे जाऊन मालकांना बैठक झाडायला सांगू का?" गड्याने विचारलं.

"झाडलीच असेल," ती म्हणाली आणि त्याच्या पुढे चालू लागली.