नितेश समुद्रावर कधी गेलाच नव्हता

हे मी आजवर कोणाजवळ बोललेलो नाही. बायकोजवळ नाही, सख्ख्या भावाजवळ नाही. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून तुम्हाला सांगणं जमतंय — ओळखत असतात, तर बहुतेक गप्पच बसलो असतो.

मी लोकांना बाजार दाखवतो. हेच माझं काम. मरोळचा सुक्या मासळीचा जुना बाजार आहे ना, तिथे दर शनिवारी सकाळी आठ-दहा माणसं घेऊन फिरतो. बाहेरदेशचे पाहुणे असतात, कधी दक्षिण मुंबईतले, ज्यांनी उपनगरात विमानतळाशिवाय काही पाहिलेलं नसतं. त्यांना बोंबील, जवळा, सोडे ओळखायला शिकवायचं. थोडं खायला घालायचं — जवळ्याची चटणी, तांदळाची भाकरी, निखाऱ्यावर भाजलेला बोंबील, शेवटी सोलकढी. अडीच तास. सगळं इंग्रजीत.

त्याआधी मरोळच्याच औद्योगिक वसाहतीत एका छापखान्यात होतो. तो बंद पडला. आम्ही मूळचे मालवणकडचे, वडील गिरणीत होते, भांडुपला वाढलो, त्यामुळे मासळीचं मला कोणी शिकवायला नको होतं. आणि इंग्रजी बरं होतं. पाहुण्यांच्या अशा फेऱ्या काढणाऱ्या एका कंपनीने घेतलं.

हे सगळं सांगत बसलोय खरा. पण मुद्दा हा नाही.

मुद्दा मथुरामावशीचा आहे. ती वेसाव्याची कोळीण. बाजारात तिची जागा मधल्या रांगेत, छपराच्या खांबाला लागून. नवरा जाऊन खूप वर्षं झाली होती आणि एकुलता एक मुलगा, नितेश, बोरिवलीला एसी दुरुस्तीचं काम करायचा. समुद्राचं त्याला लहानपणापासून वावडं — होडीत बसला की उलट्या. मावशी हे हसत हसत सांगायची. कोळ्याचा पोर आणि पाण्याला घाबरतो, म्हणायची. पण तिचा जीव होता त्याच्यावर. दुपारी त्याचा फोन आला की गिऱ्हाईक समोर असलं तरी ती आधी फोन घ्यायची.

माझी पहिलीच फेरी तिच्याकडे थांबली तेव्हा काय झालं, ते सांगतो. पाहुण्यांनी नाकाला रुमाल लावलेले. दोघी तर मागेच उभ्या. मावशीने भाकरीच्या तुकड्यावर चटणी ठेवून हात पुढे केला, कोणी घेईना. तिचा हात तसाच. मला फार लाज वाटली — तिची की माझी, ठाऊक नाही. तेवढ्यात एकाने विचारलं, यांच्या घरचे मासेमारी करतात का?

मी म्हणालो, मुलगा करायचा. एका वादळात गेला, परत आला नाही. तेव्हापासून ही इथे बसते.

कुठून आलं ते? खरंच सांगतो, ठरवलेलं नव्हतं. पण बोलून झालं आणि नाकावरचे रुमाल खाली आले. मागच्या दोघी पुढे आल्या. एकीने मावशीचा हात दोन्ही हातांत धरला आणि चटणी खाल्ली, डोळ्यांत पाणी आणून. मावशीला वाटलं, तिखट लागली. तिने हसून पाण्याची बाटली पुढे केली.

एकदाच घडलं असतं तर — नाही, तेही बरोबर नव्हतं. पण मी ते पुढच्या शनिवारीही सांगितलं. त्याच्या पुढच्याही. हळूहळू त्या गोष्टीला तपशील फुटले. होडीचा रंग आला. आईने सकाळी बांधून दिलेली शिदोरी आली. लोक कंपनीला लिहून कळवायचे की सगळ्या फेरीत ती आई लक्षात राहिली. कंपनी खूश. मी मावशीसमोर तिच्या जिवंत मुलाला दर आठवड्याला बुडवत होतो, आणि ती माझ्याकडे बघून मान डोलवत होती. तिला वाटायचं, मी तिच्या मालाचं कौतुक करतोय.

नितेशला मी तेव्हा भेटलोही होतो. दोनदा. छान मुलगा. मला चहा पाजला होता त्याने.

मग फेऱ्या वाढल्या आणि कंपनीने प्राजक्ताला घेतलं. मुलुंडची. बत्तीस-तेहतीस वय, एका खाजगी शाळेतली नोकरी गेलेली. दोन महिने ती माझ्या फेऱ्यांत मागे उभी राहून वहीत लिहून घ्यायची. दुसऱ्या दिवसापासून मला दादा म्हणायला लागली. शाळेत माझा आवाज बसायचा, इथे उघडतो, असं एकदा म्हणाली होती. मावशीची तर ती लाडकीच झाली. मावशी तिच्यासाठी गजरा आणून तिच्या केसांत माळायची.

एक दिवस चहाच्या टपरीवर तिने विचारलं, "दादा, मावशींच्या मुलाचं ते खरं आहे ना? कारण काल त्या म्हणत होत्या, नितेशचं या वर्षी लग्न करायचंय."

इथे थांबता आलं असतं. किती सोपं होतं ते! अगं, मी आपलं रंगवून सांगतो, तू नको सांगूस — एवढंच म्हणायचं होतं. ती हसली असती, फार तर जराशी रागावली असती.

मी म्हणालो, "खरं आहे. पण तिच्या मनाने ते स्वीकारलेलं नाही अजून. कधीकधी तो आहे असंच बोलते. तू फक्त हो हो कर. विषय काढू नकोस."

तेव्हापासून मावशी नितेशबद्दल बोलायला लागली की प्राजक्ता तिच्या पाठीवरून हात फिरवायची. हो मावशी, हो, म्हणायची. मी बघायचो.

प्राजक्ता एकटी फेऱ्या घ्यायला लागून तीनेक महिने झाले असतील. त्या शनिवारी आमचे दोन गट होते. माझा पलीकडच्या रांगेत, तिचा मावशीपाशी. तिच्या गटात एक वयस्कर बाई होत्या. अनेक वर्षं परदेशात राहिलेल्या, पण बालपण गिरगावात गेलेलं. मराठी येणाऱ्या. आमच्या इतक्या फेऱ्यांत मावशीशी तिच्या भाषेत बोलू शकेल असा पाहुणा तोवर आलाच नव्हता. की आला होता आणि गप्प राहिला? देव जाणे. या बाई गप्प राहिल्या नाहीत. त्यांनी चटणी खाल्ली, मावशीचा हात धरला आणि म्हणाल्या — हे मला नंतर कळलं — "तुमच्या मुलाचं ऐकलं हो. फार वाईट झालं. आई म्हणून कसं सोसलंत?"

मी ऐकली ती मावशीची किंकाळी.

धावत गेलो. ती खाली बसली होती, पदर सुटलेला, समोरची जवळ्याची रास अंगावर सांडलेली. "काय झाला माझ्या पोराला? सांगा ना गं, काय झाला?" शेजारच्या बायका तिला धरत होत्या. एकजण नितेशला फोन लावत होती. फोन वाजत होता. तो उचलत नव्हता.

प्राजक्ता पांढरीफटक पडली होती. मी मावशीपुढे गुडघ्यावर बसलो आणि म्हणालो, "मावशी, काही झालेलं नाही. नितेश बरा आहे."

तिने माझं मनगट पकडलं. "तुला कसा म्हाईत?"

हा प्रश्न. याचं उत्तर माझ्याजवळ होतं. एका वाक्याचं. मला माहीत आहे, कारण त्याला मारणारा मी आहे, मावशी — तोंडाने मारणारा. एवढं बोललो असतो तर तिचा जीव तिथल्या तिथे भांड्यात पडला असता.

मी म्हणालो, "लागेल फोन. थांब जरा."

वीस मिनिटं. वीस मिनिटं त्या बाईचा मुलगा मेलेला होता. ती छाती बडवत होती. कोणीतरी कांदा फोडून नाकाला लावला. ती मधेच गप्प व्हायची, फोनच्या काचेकडे बघायची, आणि पुन्हा सुरू व्हायची. मी तिच्या शेजारीच होतो. तिची मूठ माझ्या मनगटावर होती. आणि मी काय विचार करत होतो, सांगू? नितेशचा फोन आला की हे निस्तरेल आणि मला काही बोलावं लागणार नाही. हाच विचार. दुसरा नाही.

नितेश कुठल्याशा इमारतीच्या गच्चीवर यंत्र खोलत होता, फोन खाली पिशवीत. त्याने उलट फोन केला. मावशी नुसती त्याचा आवाज ऐकत राहिली. मग तिने फोन बाजूला ठेवला, तोंड पुसलं आणि विचारलं, "कोन बोलला हा?"

बायका प्राजक्ताकडे बघायला लागल्या. आणि प्राजक्ता माझ्याकडे.

तिने माझं नाव घेतलं नाही. तिला ते घ्यायची गरजच वाटली नसेल. मी बोलणार, याची तिला खात्री होती. दादाच म्हणायची ना ती मला.

मी म्हणालो, "मावशी, चुकलं तिचं. नवीन आहे. मी समजावतो तिला."

मावशी उठली. तिने प्राजक्ताला शिवी दिली नाही, हात उगारला नाही. फक्त म्हणाली, "तुला पोर व्हईल तवा कलंल. जा. परत माझ्या समोर येव नको." मग बाकीच्या बायका तुटून पडल्या. मी प्राजक्ताला गर्दीतून बाहेर काढलं. तेव्हा लोकांना वाटलं, केवढा समजूतदार माणूस.

रिक्षाची वाट बघताना तिने मला विचारलं, रडत नव्हती, "दादा, तुम्हीच सांगितलं होतंत ना? टपरीवर. मी विचारलं होतं तुम्हाला."

मी म्हणालो, "तू काहीतरी वेगळं समजलीस, प्राजक्ता. मी असं म्हणालो नव्हतो."

ती माझ्याकडे बघत राहिली. मला तिच्या चेहऱ्यावर राग दिसेल असं वाटलं होतं. तो नव्हता. ती आठवत होती. स्वतःलाच तपासून बघत होती, आपण खरंच चुकीचं ऐकलं का म्हणून. खोटं बोलणं एकवेळ सोपं, पण माणसाचा स्वतःच्या कानांवरचा विश्वास उडताना समोर उभं राहून बघणं — तेही मी केलं.

कंपनीने विचारलं तेव्हा लेखी उत्तर दिलं की तो भाग तिने स्वतःच्या मनाने घातला. तिच्या वहीत माझ्या फेऱ्या तारीखवार लिहिलेल्या होत्या, ती दाखवू शकली असती. तिने दाखवली नाही. पुढच्या आठवड्यापासून आली नाही. मी ती गोष्ट सांगणं बंद केलं. लोकांना चटणी तशीही आवडायची, हे त्यानंतर माझ्या लक्षात आलं.

त्या वर्षी नितेशचं लग्न झालं. मावशीने मला घरच्यासारखं बोलावलं. वेसाव्याला मांडवात नितेशने माझी ओळख करून दिली, आईला त्या दिवशी यांनीच सांभाळलं म्हणून. त्याचे मामा माझ्या पाया पडायला वाकले, मी त्यांना वरच्या वर धरलं. जेवलो. दोनदा वाढून घेतलं.

याला सहा वर्षं झाली. हेच सांगून मी थांबलो असतो, पण मागच्या महिन्यात प्राजक्ता भेटली. मरोळ नाक्याच्या मेट्रोच्या जिन्यावर. केस थोडे पांढरे झालेत. जवळच्या एका कार्यालयात हिशेबाचं काम बघते म्हणाली. मी सटकायच्या बेतात होतो, तिनेच हाक मारली. दादा नाही. सर म्हणाली.

तिने माझी चौकशी केली. मग विचारलं, "मथुरामावशी कशा आहेत?"

"बऱ्या आहेत," मी म्हणालो. आणि तोंडातून निघून गेलं, "तुझी आठवण काढतात."

खोटं होतं. मावशीने त्या दिवसानंतर तिचं नाव काढलेलं नाही. पण प्राजक्ताचा चेहरा — मी तो कसा सांगू तुम्हाला? सहा वर्षं ती याच एका वाक्याची वाट बघत असावी.

"खरंच? मग मी येऊ का एकदा, सर? शनिवारी? नुसती भेटून जाईन. माफी मागायचीय मला त्यांची. तेव्हा राहूनच गेली."

तिला मागायची होती माफी. तिला.

त्या दोघी समोरासमोर बसल्या, तर बोलता बोलता टपरीवरच्या माझ्या शब्दांपर्यंत पोचतील, हे मला जिन्यावर उभ्या उभ्याच कळलं. मी म्हणालो, "आत्ता नको. त्यांची तब्येत नसते बरी. मी सांगेन तुला."

दोन मिनिटांपूर्वी बऱ्या आहेत म्हणालो होतो. तिच्या ते लक्षात आलं. या वेळी तिने स्वतःला तपासलं नाही, माझ्याकडे नीट बघितलं. मग "बरं" म्हणाली आणि जिना उतरून गेली.

तिचा नंबर माझ्याकडे आहे. मी तिला कळवलेलं नाही.