यमुनावहिनी आधी जेवल्या तो दिवस

अगं सई, ये इकडे, अशी जवळ बस. एवढ्या महिन्यांनी उगवलीस, आणि आल्यापासून त्या जपानी चित्रांच्या पुस्तकात तोंड खुपसून बसलीस! काय म्हणालीस? त्यातली बायको नवऱ्यासाठी राबते, त्याच्यासाठी उपाशी राहते, आणि अशा बायका खऱ्या नसतात? नसतात कशा! एक तर सांगलीत, विश्रामबागेत माझ्या भिंतीला भिंत लावून राहत होती.

यमुनावहिनी. नवरा जेवल्याशिवाय त्यांनी कधी घास खाल्ला नव्हता. आमटीची चवसुद्धा घ्यायच्या नाहीत, मीठ वासावरून ठरवायच्या. त्यामुळे आमटी एक दिवस खारट, एक दिवस अळणी. वर म्हणायच्या, "आदी ह्यांचं, मग माजं." त्यांचे यजमान, आमचे भावजी, मुकाट्याने जेवायचे.

बहात्तरचा दुष्काळ सरला त्या वर्षी भावजींची साताऱ्याच्या कचेरीत बदली झाली. घर सांगलीतच राहिलं. आता ते तिकडे जेवले की नाही, वहिनींना इकडे कळणार कसं? भावजी सांगून गेले, "मी रोज एक वाजता जेवीन. तूही तेव्हाच बस." वहिनींकडे घड्याळ नव्हतं. साडेबारालाच त्या वाढलेलं ताट घेऊन माझ्या दारात हजर.

"आक्का, वाजला का वो?"

"वाजतोय, बसा."

असं वर्ष गेलं. मग एका सकाळी पुरणपोळ्यांचा डबा घेऊन म्हणाल्या, "चला आक्का, साताऱ्याला. ह्यांना डोळ्यांनी जेवताना बगायचंय." न कळवता गेलो. कचेरीत पोचलो तेव्हा एक वाजून गेला होता आणि भावजी मान खाली घालून लिहीत होते. शिपाई म्हणाला, "त्ये तीनबिगर उठत न्हाईत. खानावळीत तवाच जागा मिळती."

वहिनी तरातरा आत. "म्हंजी वरीसभर मी तुमच्या आदी जेवत हुते? आवं, मला पाप लावलंसा!"

"खरं सांगितलं असतं तर तीनपर्यंत उपाशी बसली असतीस."

"बसले असते!"

"म्हणून तर नाही सांगितलं."

डबा उघडला. "आदी तुमी." "नाही, आज आधी तू." सगळी कचेरी काम टाकून बघायला लागली. शेवटी मी म्हटलं, दोघं एकदम खा, मी मोजते. एक, दोन, तीन! दोघांनी घास तोंडाशी नेला आणि दोघंही थांबले, समोरचा आधी खाईल म्हणून. पुन्हा मोजलं, पुन्हा तेच. तोवर माझ्या दोन पोळ्या खाऊन झाल्या होत्या. अखेर भावजींनी आपल्या हातातला घास सरळ वहिनींच्या तोंडात कोंबला. सगळ्यांच्या देखत! वहिनी लाजून फायलींच्या कपाटामागे पळाल्या, पण घास गिळला.

परतीच्या एसटीत कराड जवळ आलं. तशा वहिनी हळूच म्हणाल्या, "आक्का, खरं सांगू? मला सकाळी नवालाच लय भूक लागती वो. लगीन झाल्यापासनं."

कराडच्या स्टँडवर त्यांनी गरम भजी घेतली. पहिलं भजं फुंकर न घालताच तोंडात टाकलं. डोळ्यांत पाणी आलं, तरी दुसरं उचललं. मला 'घ्या' म्हणायचंसुद्धा त्यांना सुचलं नाही. एवढ्या आनंदाने खाताना मी त्यांना पहिल्यांदाच बघत होते.

आता दोघंही नाहीत. तू मात्र पुढच्या खेपेला इतके दिवस लावू नकोस, लवकर ये गं. उशीर झाला तर मी जेवून घेईन, पण तुझं ताट झाकून ठेवीन.