येफआजोबांचा आवाज

इथे कॅनडात, व्हिटबीतल्या आमच्या शेजाऱ्यांचा, येफआजोबांचा, समोरून काढलेला फोटो कुणाकडेच नाही. कुणी नुसता फोन बाहेर काढला, की नव्वदी ओलांडलेले आजोबा झटकन मान वळवून डावा गाल पुढे करायचे. हातात बर्फाचं फावडं असलं तरी! "उजवा गाल बायकोचा, डावा कॅमेऱ्याचा," आपण सिनेमात नट होतो, असं वर ऐकवायचे. मला आधी ते थापाडेच वाटले.

पण ती थाप नव्हती. आजोबा बेल्जियमचे, अँटवर्पच्या गोदीवर वाढलेले फ्लेमिश, म्हणजे डच बोलणारे. तिथला सिनेमा नुकता बाळसं धरत होता, तेव्हा विशीतल्या येफने काही विनोदी चित्रपट केले. कधी हमाल, कधी दारुडा, आणि बोलणं सगळं गोदीवरच्या भाषेत. लोकांनी डोक्यावर घेतलं. मग एकाएकी सगळं सोडून ते कॅनडात आले आणि विंडसरच्या मोटार कारखान्यात राबले. का सोडलं, हे विचारलं की विषय बदलायचे.

ते कळलं आमच्या बेसमेंटमध्ये. महाराष्ट्र मंडळाच्या नाटकात मी आईचं काम करत होते आणि आजोबा चहाच्या निमित्ताने तालमीला येऊन बसत. मी नागपूरची. "कुठं जाऊन राहिला बापा? दोन घास खाऊन तं जा!" हे माझ्या तोंडून सहज निघायचं. आमचे दिग्दर्शक अविनाशदादा पुण्याचे. माणूस लाख, पण भाषेच्या बाबतीत कर्मठ.

"अगं, हा हेल सोड आधी. ऑडियन्स हसेल. जमत नसेल तर आत्ताच सांग, मी दुसरी आई बघतो."

मी घाबरून सगळं घासूनपुसून बोलू लागले. जीवच गेला त्यातला. माझं मलाच ऐकवेना.

आजोबा उठले. "काल ही मुलाला थांबवत होती. आज हवामानाच्या बातम्या देतेय."

"येफ, तुम्हाला मराठीचा एक शब्द कळत नाही," अविनाशदादा इंग्रजीत म्हणाले.

"म्हणूनच मला फक्त आवाज ऐकू येतो." मग खुर्ची ओढून बसत ते म्हणाले. "मला पहिल्यांदा मोठी भूमिका मिळाली ना, तेव्हा निर्मात्याने माझ्या तोंडी दुसऱ्याचा सभ्य आवाज भरला. मला न सांगता. मी आईला घेऊन पहिल्या खेळाला गेलो. बाहेर आल्यावर ती म्हणाली, सिनेमा छान होता रे, पण तू कुठे होतास?"

अविनाशदादांनी संहितेतलं ते पान काढलं. "बरं, घे पुन्हा," ते म्हणाले. "तुझ्या पद्धतीने."

प्रयोगाला लोक त्या वाक्यावर हसले, हे खरं. पुढच्याच क्षणी डोळे पुसत होते, हेही खरं. संपल्यावर रिचमंड हिलहून आलेल्या, मूळच्या यवतमाळच्या एका बाईंनी माझे हात धरले. "एवढ्या वर्षांत या हॉलमधी आपल्यासारखं कोनी बोललंच नव्हतं वं पोरी. मले तं माही मायच दिसली!"

मार्चमध्ये येफआजोबा गेले. फार आठवतात. डोळ्यांपुढे येतात ते त्या संध्याकाळचे, हॉलच्या दाराशी अंगात कोट चढवताना. बाई काय म्हणाल्या, असं त्यांनी विचारलं आणि मी सांगितलं. अर्ध्या बाहीतच त्यांचा हात थांबला.

"चला," ते म्हणाले, "माझा सिनेमा आज लागला."