पडणारं गाढव

माझी धाकटी बहीण इस्पितळात चादरी शिवायची. निवृत्त झाल्यावर तिने मुलाचं लहानपणचं लाकडी गाढव माळ्यावरून काढलं आणि त्याची फिल्म करायला घेतली. गाढव घरातल्या चौदा पायऱ्या चढून गच्चीवर जातं, एवढीच गोष्ट. गाढव तांदळाच्या दाण्याएवढं सरकवायचं, मोबाइलवर फोटो काढायचा, पुन्हा सरकवायचं. दुखरे गुडघे घेऊन ती वर्षभर जिन्यात बसली. मीही म्हणालो होतो, "या वयात गाढवं हाकतेस?" आठवलं की स्वतःचाच राग येतो.

गाढवाचा एक पाय आखूड, त्यामुळे ते सारखं कोलमडायचं. ती त्याला उचलून ठेवायची नाही. पडल्या जागी फोटो काढायची आणि तिथूनच त्याला तसूतसूने उभं करायची. म्हणायची, "चढवते मी, दादा. पडतं ते त्याचं त्याचं."

फोटो जोडायचं काम तिने मुलाला दिलं. वाचनालयाच्या सभागृहात तीसेक माणसं जमली. दिवे मालवले आणि गाढव टुणटुणत दोन मिनिटांत गच्चीवर. एकदाही पडलं नाही. टाळ्या वाजल्या. बहीण मांडीवरची पिशवी घट्ट धरून बसली होती.

"त्याचं पडणं कुठे गेलं?" तिने मुलाला विचारलं.

"काढून टाकलं. नऊ मिनिटं कोण बघणार, आई? लोक कंटाळतात."

"तू कंटाळलास म्हण की."

"अगं, सगळ्यांना आवडली ना?"

"मग लिफ्टचीच फिल्म करायची होतीस."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. चारचौघांत मी तोंड उघडत नाही. उघडलं तर शब्द अडकतात. तेवढ्यात दोनच निघाले. "पूर्ण लाव."

"मामा, आता तुम्हीपण?"

"आहे का तुझ्याकडे?"

"लॅपटॉपमध्ये आहे, पण..."

"लाव."

त्याने तोंड वाकडं करून लावली. निम्मे लोक उठून गेले. खुर्च्यांचा आवाज मला चपराकीसारखा लागत होता. दुसऱ्या पायरीवर गाढव उताणं पडलं, तेव्हा कुणीतरी हसलं. पाचवीवर पडलं, तेव्हा कुणी हसलं नाही. भाचा मोबाइल घेऊन दाराकडे निघाला.

पडद्यावरची नजर न काढता बहीण म्हणाली, "बस खाली. अजून नऊ पायऱ्या आहेत."

तो बसला, पण मान मोबाइलमध्येच. मी तो त्याच्या हातातून काढून घेतला आणि माझ्या खिशात घातला.