सात सुतांची खाच

सुतारकामात बाबांचा हात धरणारा आसपास कोणी नव्हता. हिशेब कागदावर मांडणं त्यांना कमीपणाचं वाटे. कानावरची पेन्सिल फक्त फळीवर रेघ मारण्यापुरती. लोक त्यांना सूतमास्तर म्हणत, कारण अर्धा इंच त्यांच्या तोंडी चार सूत असे आणि पाव इंच दोन सूत. इंचाचे आठ सूत. सगळी मापं आधी सुतांत आणायची, मगच बेरीज करायची, हा त्यांचा शिरस्ता.

लेकीलाही तो त्यांनीच लावला. शाळेत तिने एक छेद दोन आणि तीन छेद आठ यांची बेरीज चार छेद दहा अशी ठोकून दिली होती. वरचे वरच्यांत, खालचे खालच्यांत. वही बघून बाबा पोट धरून हसले.

"अगं शहाणे, अर्ध्यात भर घातलीस आणि अर्ध्याहून कमी झालं? चार सूत आणि तीन सूत किती?"

"सात," ती रडवेली होऊन म्हणाली. त्यानंतर तिची बेरीज कधी चुकली नाही.

आता तिची चाळिशी उलटली होती आणि बाबांच्या शेजारचा कामाचा ओटा तिचा होता. गेल्या महिन्यात बाबांनी दोन चौकटी वाया घालवल्या. तिने त्या मुकाट्याने भंगार फळ्यांच्या मागे सारल्या. वय झालंय, होतं असं, म्हणून कानाडोळा केला. खरं तर तिला भीती वाटत होती. काम गेलं तर बाबांचं उरणार काय?

आज दवाखान्याचे दरवाजे करायचे होते. अर्ध्या इंचाची फळी, तिला चिकटवायचा तीन सुती प्लाय, आणि दोन्ही मिळून बसतील एवढी खाच चौकटीत. बाबांनी पहिली खाच कापली. लेकीने फळी लावून बघितली. प्लाय राहिला बाजूला, नुसती फळीच आत जाईना.

ती चिडून वळली. खाच सात सुतांची, असं कालपासून तीनदा सांगितलं होतं.

बाबा टेप डोळ्यांजवळ धरून बसले होते. एकाच इंचावर नख फिरवत होते, पुढे आणि मागे. विजेची करवत शेजारी सुरूच होती. तिने आधी ती बंद केली.

"काय शोधताय?"

"दहाचे भाग कुठे गेले गं यावरचे? चार छेद दहा हवंय."

तिला शाळेतली ती वही आठवली.

"टेप जुनी झालीय, बाबा. रेघा पुसल्यात."

बाबांनी टेप उजेडात धरली. प्रत्येक रेघ ठसठशीत होती. मग त्यांनी खाच बघितली, तिच्यावर टेकवलेली फळी बघितली.

"अर्ध्यात भर घातली," ते हळूच म्हणाले, "आणि अर्ध्याहून कमी झालं. चुकलंय, एवढं कळतंय गं मला. कुठे ते दिसत नाही."

तिला हुंदका आवरेना. "चार सूत आणि तीन सूत, बाबा."

ते बोटांवर मोजू लागले. मध्येच थांबले. कानावरची पेन्सिल काढून त्यांनी तिच्या हातात दिली.

"रेघ तू मार. आणि त्या भंगारातल्या दोन चौकटी काढ बाहेर. मी बघितल्यात त्या."