खांदादर्शनाचा खून

नाशिककरांनो, हातातली कामं थांबवा. कढईतली भजी तशीच राहू द्या. बातमी अत्यंत गंभीर आहे. गंगापूर रोडवरच्या एका बंगल्यात, भर दुपारी, सुशिक्षित माणसांच्या देखत, एका अख्ख्या देशाचं तत्त्वज्ञान ठार मारण्यात आलं. मारणारे हसत होते. सोबत चहा होता, खारे काजू होते.

मयत माझं होतं. म्हणजे मीच रचलेलं.

मी रिक्षावर भोंगा लावून शहरभर जाहिराती करतो. साड्यांचा सेल, उद्या नळाला पाणी नाही, कोणाचा दशक्रिया विधी. पोट त्यावर चालतं. उरलेल्या वेळात मी वेणार नावाचा देश लिहितो. नकाशात शोधू नका, तो नाहीच. तिथे माणूस पाठीवर दगड घेऊन जन्मतो. दगड त्याच्याबरोबर वाढतो. त्याचं वजन ज्याचं त्यालाच कळतं, पण तो दिसतो कसा हे फक्त मागून येणाऱ्याला कळतं. झालं, तिथले तत्त्वज्ञ भांडत बसले. एक पक्ष म्हणतो, वजन सोसणारा जाणतो. दुसरा म्हणतो, बघणारा जाणतो. तिसरं माझं लाडकं, खांदादर्शन. ते म्हणतं, ज्याचा दगड पाठीवर घेऊन तू निदान एक ओढा ओलांडला नाहीस, त्याच्याबद्दलचं तुझं मत म्हणजे नुसता आवाज. म्हणून तिथे वादाआधी दोघं दगड बदलतात आणि पाण्यात उतरतात. निम्मे वाद ओढ्यातच मिटतात.

आहे का नाही झकास?

त्या बंगल्यात दर महिन्याला लेखकांचं मंडळ जमतं. मंडळाचा दिवाळी अंक निघतो. त्यात छापून यावं, एवढी एकच हाव होती मला. पन्नाशी आली. आवाज शहरभर, नाव कुठेच नाही. वर्षभर मी मागच्या खुर्चीवर बसून इतरांचं ऐकलं, तेव्हा कुठे माझी पाळी आली.

तिथली रीत अशी की, नव्या लेखकाने उभं राहून वाचायचं. मग बसायचं. सगळ्यांचं बोलून होईपर्यंत तोंड उघडायचं नाही.

मी वाचलं. झुंबर हललं असेल. वाचन संपलं. मग ज्यांना सगळे माई म्हणतात त्या बाई म्हणाल्या, "मी रुमाल काढून बसले होते हो. रडायला काही आलंच नाही."

हशा.

अध्यक्ष म्हणजे निवृत्त प्राध्यापक, सगळ्यांचे सर. त्यांनी माझ्या हातातले कागद काढून घेतले, तोंडाशी मूठ धरली आणि माझ्याच भोंग्याच्या सुरात वाचायला लागले. "ज्याचा दगड घेऊन तू, हॅलो हॅलो, ओढा ओलांडला नाहीस... स्टॉक मर्यादित!" लोक हसून हसून डोळे पुसत होते. मीही हसलो. चांगला मोठ्याने हसलो. दुसरं काय करतात, ते मला कोणी शिकवलं नव्हतं.

मग सर गंभीर झाले. "वडील काय करायचे तुमचे?"

"हमाल होते. चांदवडच्या कांदा मार्केटात."

"बघा!" सर सगळ्यांकडे वळले. चोर सापडल्यासारखे. "दगड म्हणजे ती कांद्याची गोणी! मग हा देशबिश कशाला? तत्त्वज्ञान तुमचा प्रांत नाही. ते आमच्याकडे पिढ्यान्‌पिढ्या आहे, आम्ही बघू त्याचं. तुमच्याकडे भोगलेलं आहे. ते द्या. बापाची पाठ लिहा. सोललेली, घामाने थबथबलेली. दिवाळी अंकात पहिल्या पानावर घेतो."

"आईचंही येऊ द्या," माई म्हणाल्या. "उपाशी वगैरे."

उपाशी वगैरे.

हवं होतं ते समोर आलं होतं. पहिलं पान! बदल्यात फक्त बापाची पाठ काजूशेजारी ठेवायची. माझा बाप उन्हाळ्यातसुद्धा सदरा घालून जेवायला बसायचा. ती पाठ त्याने आम्हाला दाखवली नाही. या लोकांना मी दाखवायची?

मी उभा राहिलो.

"लेखकाने बोलायचं नसतं," सर म्हणाले.

"लेखक नाही बोलत, सर. कच्चा माल बोलतोय."

सरांचा चेहरा बदलला. "खाली बस."

तू. इतका वेळ मी 'तुम्ही' होतो. किती झटकन उतरवलं!

बसलो नाही. म्हणालो, "गोण्या बापाने वाहिल्या, त्या त्याच्या. दगड मी घडवले, ते माझे. त्याची पाठ छापायला मिळणार नाही. पहिलं पान ठेवा तुमच्याकडे."

सरांच्या हातातून कागद परत घेतले. आणि मंडळाचा आणखी एक नियम त्यांना ऐकवला. सरांनी तो स्वतःच्या कंटाळवाण्या प्रवासवर्णनासाठी केला होता: एकदा वाचायला घेतलेलं लेखन मंडळ शेवटपर्यंत ऐकतं.

"आज झाला तो पहिला अध्याय," मी म्हणालो. "खांदादर्शनाची अजून नुसती तोंडओळख झाली आहे. मी ते पूर्ण लिहिणार. कोणाला रडवणार नाही. इथेच वाचणार, उभा राहून. नको असेल तर तुमचा नियम तुमच्या हाताने मोडा, माझ्यादेखत."

कोणी मोडला नाही. कोणी काजूही उचलला नाही. तेवढ्यात माई एकदम बोलून गेल्या,

"अगं बाई, म्हणजे हा आता दर महिन्याला येणार?"